सहा दिवसांचं भाडं

पनवेलच्या बाजारामागच्या गल्लीत जाऊन 'ताहिरा अबरार मुकादम कुठे राहतात' असं विचारलंत, तर दहातले आठ जण मान हलवतील. 'गिरणीवाली ताहिराचाची' म्हणा, की कोणीही बोट दाखवील. वर एक सूचनाही देईल, की शनिवारी जाऊ नका, बंद असते.

मुसलमानाची गिरणी शुक्रवारी चालू आणि शनिवारी बंद! नवा माणूस हसायचाच. विचुंब्याला फ्लॅट घेतलेली मंडळी दळण चांगलं मिळतं असं ऐकून नेमकी शनिवारी, सुट्टी साधून, स्कूटरवर डबा घेऊन यायची आणि बंद फळ्या बघून चरफडत परत जायची. "चाची, शनिवार म्हणजे तर धंद्याचा दिवस," असं कोणी शिकवायला गेलंच, तर ताहिरा पिठानं पांढऱ्या झालेल्या भुवया उंचावून म्हणायची, "धंदा माझा आहे ना? मग अक्कलपण माझीच चालू दे."

जीभ तिखट होती, यात वाद नाही. पण गव्हाच्या पाठोपाठ उपासाचं दळण कधी टाकणार नाही, दगडाला टाकी लावल्यावर पिठात कचकच येऊ नये म्हणून पहिलं पायलीभर स्वतःच्या घरचं दळून घेईल आणि मगच गिऱ्हाइकाचा डबा उघडेल. त्यामुळे बायका तिचं बोलणं ऐकून घ्यायच्या आणि दळण तिच्याकडेच आणायच्या.

गिरणीची जागा तिची नव्हती. घर मनासे वाकरूळकरांचं. वाकरूळकर म्हणजे कोकणातले जुने इस्रायली, म्हणजे ज्यू, घरात मराठी बोलणारे, सणाला पुरणपोळी करणारे. यांचे पूर्वज तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाण्याला हात लावत नसत, म्हणून गावातली म्हातारी माणसं त्यांना अजून 'शनवार तेली' म्हणत. मनासे स्वतः मुंबईत कचेरीत हेडक्लार्क होते. वरच्या मजल्यावर ते, बायको शुलामिथ आणि मुलगा इलान. खाली रस्त्याच्या अंगाला बद्रुद्दीन मुकादमांची गिरणी. बद्रुद्दीन म्हणजे ताहिराचे सासरे.

ताहिरा एकोणिसाव्या वर्षी लग्न होऊन त्या गल्लीत आली. नवरा अबरार दोन महिन्यांत बहरीनला गेला आणि सासऱ्यांची नजर मंद होत चालली. पट्टा कुठे घसरतोय हे त्यांना आवाजावरून कळायचं, पण दिसायचं नाही. तेव्हा ही नवी नवरी पदर खोचून उभी राहिली. बाईमाणूस गिरणीवर म्हणून शेजारीपाजारी कुजबुज झाली. "घरात जात्यावर बाईनं दळलं तर चालतं, आणि जात्याला मोटार लावली की चालत नाही होय?" एवढं विचारून तिनं ती कुजबुज बंद केली.

पुढे वाकरूळकर मंडळी इस्रायलला निघून गेली. तेव्हा इलान नऊ वर्षांचा होता. गिरणीच्या उंबऱ्यावर बसून रडला होता. जाताना शुलामिथताईंनी वरच्या खोल्यांची किल्ली ताहिराच्या हातात दिली आणि म्हणाल्या, "घराकडे बघ गं."

ताहिरानं बघितलं. दरसाल कौलं परतून घेतली, वाळवी लागलेला वासा बदलला, बंद खोल्या महिन्यातून एकदा झाडल्या. मनासे तिकडेच वारले, बद्रुद्दीन इकडे वारले. भाडं न्यायला वाकरूळकरांचा ठाण्याचा एक चुलतभाऊ यायचा, चहा प्यायचा, चार गोष्टी बोलायचा, भाडं घेऊन जायचा. घरच्यासारख्या माणसाकडे पावती कोण मागतो? मुकादमांनी कधी मागितली नाही. मग तो चुलतभाऊही वारला आणि भाडं घ्यायलाच कोणी उरलं नाही.

हे असंच चाललं असतं. पण दोन हजार दहाच्या सुमाराला पनवेलच्या जमिनीला सोन्याचं मोल आलं. विमानतळ होणार, होणार म्हणता म्हणता करंजाड्यात टॉवर उठले, आणि बाजारामागच्या गल्लीतही टेप घेऊन माणसं फिरायला लागली. त्यातलाच एक उदयसिंह. एका बिल्डरचा माणूस, बोलायला गोड, कपडे कडक इस्त्रीचे. इलाननं त्याच्या नावानं कुलमुखत्यारपत्र करून दिलं होतं. घर पाडून तिथे सहा मजली इमारत उठणार होती.

"चाची, तुम्हाला करंजाड्यात बघू काहीतरी," उदयसिंह म्हणाला.

"करंजाड्यात लोक पॅकेटचं पीठ खातात," ताहिरा म्हणाली. "तिथे जाऊन मी काय, वारा दळू?"

मग नोटीस आली. घर रिकामं करा, तुमचा इथे काहीएक संबंध नाही. 'काहीएक संबंध नाही' हे वाचून ताहिराच्या डोक्यात अशी तिडीक गेली की वकील गाठण्याइतकाही दम तिला निघाला नाही. तडक टायपिंगवाल्याकडे गेली आणि उभ्या उभ्या उत्तर सांगितलं. त्यात एक वाक्य होतं : 'संबंध विचारणारे तुम्ही कोण? पंचवीस वर्षं हे घर मी राखलेलं आहे.'

घात त्या वाक्यानं केला. दावा दाखल झाला त्यात तेच वाक्य उलटून आलं : प्रतिवादी स्वतःच कबूल करते, की ती या घराची राखणदार आहे.

तिचे वकील कृष्णकांत यांनी कपाळाला हात लावला. "ताहिराबाई, भाडेकरूला कायदा आहे. त्याला असं कोणी उठवू शकत नाही, इमारत नवी झाली तर त्यात जागा द्यावी लागते. राखणदाराला काय? मालक म्हणाला ऊठ, की उठायचं. गिरणी गेली, जागा गेली, हातात शून्य. आता कोर्टात कोणी विचारलं तरी 'राखलं' हा शब्द तोंडातून काढायचा नाही."

"म्हणजे मी कौलं परतली नाहीत असं सांगू? खोटं बोलू?"

"खोटं नको. गप्प बसा."

गप्प बसणं हे ताहिराला जन्मात जमलं नव्हतं. तिला रात्री झोप येईना. रागानं येईना आणि भीतीनंही येईना, खरं तर भीतीच जास्त. मशीन काढून रस्त्यावर ठेवलेलं तिच्या डोळ्यांपुढे यायचं. अबरार बहरीनहून कायमचा परत आला होता तो पाठीचं दुखणं घेऊनच. घर त्या गिरणीवर चालत होतं. तोच अबरार म्हणायचा, "देतात ते घे आणि मिटवून टाक. या वयात कोर्टकचेरी कशाला?"

कोर्टानंही पुढे तेच सुचवलं, निराळ्या भाषेत. जज्जसाहेबांनी दोन्ही वकिलांना विचारलं, की हे समोरासमोर बसून मिटण्यासारखं नाही का, आणि प्रकरण मध्यस्थीकडे पाठवलं.

"चला, आता मिटेल," अबरार म्हणाला.

"वाद मिटवायला जातेय," ताहिरा म्हणाली. "स्वतः मिटायला नाही."

मध्यस्थीची खोली कोर्टाच्या आवारातच होती. पिंजरा नाही, उंच खुर्ची नाही, एक टेबल आणि त्याभोवती सगळ्यांना सारख्या खुर्च्या. मध्यस्थ होत्या सुमतीबाई, स्वतः जुन्या वकील. त्यांनी आधीच सांगून टाकलं : "मी निकाल देणार नाही. इथे कोणावर जबरदस्ती नाही, नाही पटलं तर उठून जायचं. आणि इथे जे बोलाल ते या खोलीबाहेर जात नाही. जज्जसाहेबांपर्यंतसुद्धा नाही. तेव्हा मोकळं बोला."

मोकळं बोला, हे ऐकून ताहिराला बरं वाटलं आणि कृष्णकांतांना घाम फुटला.

"पण मालक कुठे आहेत?" सुमतीबाईंनी विचारलं. "कुलमुखत्यार ठीक आहे, पण मला मालक समोर हवेत."

उदयसिंह म्हणाला, इलानसाहेब पुढच्या आठवड्यात भारतात येताहेत, शनिवारी मोकळे आहेत. मग गालात हसून पुढे म्हणाला, "शनिवारच ठेवा मॅडम. चाचींची गिरणी तशीही बंदच असते."

"शनिवारी मी येणार नाही," ताहिरा म्हणाली.

कृष्णकांतांनी टेबलाखालून तिच्या चपलेला चप्पल लावली. तिनं पाय बाजूला घेतला.

"का हो?" सुमतीबाईंनी विचारलं. "तुमचा तर शुक्रवार ना?"

"शुक्रवार सांगा, येते. तासभर नमाजला सोडा म्हणजे झालं. शनिवारी त्या घराचं कुठलंच काम मी करत नाही. का ते मालकाला सांगेन. या भाड्याच्या माणसाला नाही."

उदयसिंहाचं हसू मावळलं. "अहो, मालक स्वतः ज्यू आहे आणि तो शनिवारी यायला तयार आहे! तुम्हाला कसली अडचण?"

"त्यानं मोडलं तर त्याचं तो आणि त्याचा देव बघून घेतील. मी मोडणार नाही."

बाई हटवादी आहे, तारखा लांबवतेय, असं उदयसिंहाला वाटलं. तिच्या वकिलालाही थोडं तसंच वाटलं. पण सुमतीबाईंनी जरा वेळ तिच्याकडे बघितलं आणि सोमवार ठरवला.

सोमवारी इलान आला. पस्तिशीला टेकलेला, कानाजवळ केस पिकलेले. तोंड उघडलं आणि सगळे चमकले, कारण त्याचं मराठी नवव्या वर्षीच थांबलं होतं. एवढा बाप्या माणूस शाळकरी पोरासारखं बोलत होता. "मला ना, आई म्हणाली, चाची आपलं घर राखते. म्हणून मी तसंच सांगितलं."

'चाची' म्हणाला आणि स्वतःच ओशाळला. ताहिरानं तोंडावरची रेषही हलवली नाही. आत मात्र तिला भरून आलं होतं. आणि आपल्याला भरून यावं याचाच तिला राग आला.

उदयसिंहानं कागद सरकवला. नव्या इमारतीत पहिल्या मजल्यावर गाळा, कायद्यानं काही देणं लागत नसताना केवळ सद्भावनेपोटी.

"गिरणी, पहिल्या मजल्यावर?" ताहिरा म्हणाली. "खालच्या दुकानदाराच्या टकलावर रोज गिलावा पडेल. आणि डबे घेऊन जिना चढणार कोण, तू? बरं, ते सद्भावना म्हणजे काय? मेहरबानी?"

"साधारण तसंच," सुमतीबाई म्हणाल्या.

"मग नको." ती उठलीच. "मेहरबानी आज करतात, उद्या काढून घेतात. हक असेल तर बोला."

दाराबाहेर बाकावर अबरार पाठीला हात लावून बसलेला तिला दिसत होता. आपण उठून गेलो तर काय होईल हे तिला नीट कळत होतं. कोर्टात ते एक वाक्य वाचलं जाईल आणि गिरणी जाईल. तरी ती उभीच राहिली.

"जा, दार उघडं आहे," सुमतीबाई शांतपणे म्हणाल्या. "पण शनिवारचं कारण मालकाला सांगणार होतात. ते तरी सांगून जा."

ताहिरा परत बसली नाही. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून, इलानकडे बघत बोलली.

"गिरणी लागली तेव्हा तुझे बाबा खाली आले होते. मी तेव्हा नव्हते, अब्बांनी हजार वेळा सांगितलंय. म्हणाले, बद्रुद्दीनभाई, शनिवारी आमचा शब्बाथ. खाली मशीन चाललं की वर जमीन थरथरते, प्रार्थनेत मन लागत नाही. तेवढा एक दिवस बंद ठेवाल का? अब्बा म्हणाले, ठेवतो. तर तुझे बाबा म्हणाले, मग त्या दिवसाचं भाडं मी घेणार नाही. वापरायचं नाही त्या दिवसाचे पैसे मला पचणार नाहीत. अब्बा नको नको म्हणाले, ऐकलं नाही त्यांनी. तेव्हापासून आमचं भाडं आठवड्याच्या सहा दिवसांचं. चार शनिवारांच्या महिन्यात वेगळं, पाच शनिवारांच्या महिन्यात वेगळं. पनवेलभर लोकांना भाडं पाठ असतं, आम्हाला कॅलेंडर बघावं लागायचं!"

कृष्णकांत वकील खुर्चीत सरळ झाले. इतक्या महिन्यांत हे त्यांना बाईंनी सांगितलं नव्हतं. का सांगेल? शनिवार गिरणीचा नसतो, ही गोष्ट तिच्या लेखी सूर्य पूर्वेला उगवतो तशी होती. कोणी कधी विचारलंच नव्हतं.

"शनिवार माझा नाहीच," ताहिरा म्हणाली. "त्याचं भाडं मी देत नाही. जो दिवस माझा नाही, त्या दिवशी त्या जागेचा सौदा करायला मी कशी बसू? तुमी सगळे गेलात, वर जमीन थरथरली तरी कोणाला कळणार नव्हतं. पंचवीस वर्षांत एक शनिवार मशीन फिरलं नाही. आता तूच सांग. राखणदाराकडून कोणी भाडं घेतं? आणि घेतलंच, तर शनिवार वगळून घेतं?"

"याला पुरावा काय?" उदयसिंह म्हणाला.

"हा काय समोर बसलाय."

इलान टेबलाकडे बघत होता. मग त्या शाळकरी मराठीत हळूच म्हणाला, "पाच शनिवार आले ना, की बाबा म्हणायचे, या महिन्यात बद्रुद्दीनभाईंची ईद."

"सर, असं काही बोलू नका," उदयसिंह त्याच्या कानाशी लागला.

"बोलू द्या," सुमतीबाई म्हणाल्या. "इथलं इथेच राहतं."

"आणि शनिवारी गिरणी बंद असते हे कोर्टात सांगायला अख्खी गल्ली येईल," कृष्णकांत म्हणाले. त्यांच्या आवाजाला आज पहिल्यांदाच धार आली होती.

ताहिराचं अजून संपलं नव्हतं. "आणि हो, राखलं मी घर. वकीलसाहेब, मारा कपाळावर हात, पण मी राखलं. ते भाड्यात नव्हतं. शुलामिथताईंनी शब्द टाकला म्हणून राखलं, त्याचं बिल लावलं नाही आणि लावणारही नाही. पण माझ्या मायेचीच सुरी करून माझ्या गळ्यावर ठेवलीत, याची तुमाला शरम वाटू दे."

इलान म्हणाला, "चाची, मी आईला फोन लावतो. ती सांगेल."

"नको. त्या म्हातारीला आपल्या भांडणात ओढू नकोस. मालक आता तू आहेस, तर तूच ठरव."

मग सुमतीबाईंनी दोघांना वेगवेगळं बसवलं, एकदा याला, एकदा तिला. किती वेळ चाललं कोण जाणे; बाहेर अबरारचे दोन चहा झाले. उदयसिंह फोनवर बिल्डरशी कुजबुजत येरझाऱ्या घालत होता. शेवटी ठरलं ते असं : नव्या इमारतीत तळमजल्यावर, रस्त्याच्या अंगाला, आत्ताएवढाच गाळा. तो होईपर्यंत त्याच गल्लीत गिरणी हलवायची, त्याचा खर्च बिल्डरचा. आणि दुसरी जागा हातात आल्याशिवाय या जागेची फळीसुद्धा हलणार नाही.

अबरारनं आत येऊन ऐकलं आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. कृष्णकांत पेन काढून तयार. मसुदा टाइप होऊन आला. सगळ्यांना घरी जायची घाई होती.

ताहिरा वाचायला बसली. मराठी चौथीपर्यंत शिकली होती, सावकाश वाचायची, ओळीवर बोट ठेवून. दुसऱ्याच ओळीवर बोट थांबलं.

"इथे 'राखणदार' लिहिलंय."

"जुना मजकूर होता, तसाच आला असेल," उदयसिंह म्हणाला. तो दमला होता, आणि खरं सांगायचं तर त्याच्या मनात आता कपटही उरलं नव्हतं. "चाची, तळमजला मिळाला, रस्ता मिळाला, खर्च मिळाला. सगळं तुमच्या मनासारखं झालं. आता शब्द कुठला का असेना, काय फरक पडतो?"

"सही कर गं," अबरार म्हणाला. "हातातोंडाशी आलेला घास आहे."

कृष्णकांतांनी तोंड उघडलं होतं, पण ताहिरानं त्यांना हातानंच थांबवलं. कागद फिरवून तिनं उदयसिंहापुढे धरला आणि इलानच्या नावावर बोट ठेवलं. "काही फरक पडत नाही ना? मग इथे 'मालक' लिहिलंय ते खोड, आणि याच्या नावापुढे लिही 'राखणदार'."

उदयसिंहानं नावाकडे बघितलं, मग इलानकडे बघितलं. त्याचा हात काही पेनाकडे गेला नाही.

पेन इलाननं घेतलं. 'राखणदार' खोडलं, आणि वर मराठीत लिहायला गेला तर त्याला अक्षर आठवेना. 'भा' काढला, 'ड' काढला, पुढचं अडलं.

"ड ला काना नाही, मात्रा," ताहिरा म्हणाली. "लिही नीट."

त्यानं लिहिलं. 'सद्भावनेपोटी' हा शब्द सुमतीबाईंनी न सांगताच खोडला. मग ताहिरानं कागद आपल्याकडे ओढला, पूर्ण नावानं सही केली, ताहिरा अबरार मुकादम, आणि कोणी सांगितलं नसताना सहीच्या खाली स्वतःच्या हातानं, ठळक, एकेक अक्षर सुटं करून लिहिलं : भाडेकरू.